मोहावर चाललेली जीप

देवरावाच्या गळ्यात तुळशीची माळ होती, खिशाला दोन फाउंटन पेनं होती आणि डोक्यात सेक्टर दोन होता. १९५८ साली भिलाईत ज्याच्या डोक्यात सेक्टर दोन नव्हता, तो एकतर साहेब असायचा नाहीतर नुकताच गाडीतून उतरलेला. कारखाना अजून व्हायचा होता. उभे होते ते लोखंडी सांगाडे, रशियन क्रेनी आणि त्यांच्या पायाशी पत्र्याच्या शेडी. त्यातल्याच एका शेडीत देवराव, त्याची बायको रमा आणि म्हातारी माय ठकूबाई अशी तिघं राहत. उन्ह चढलं की तो पत्रा असा तापे की शेडीतली माणसं बाहेरच्या लिंबाखाली जाऊन बसत आणि एकमेकांशी उगाच भांडत.

रमानं होळीलाच सांगून टाकलं होतं, "अखातीचा सण लागायच्या आत पक्कं घर भेटलं तं ठीक. नाही तं मी तुमसरले चालली. मंग तुमी आन् तुमचा पत्रा."

सेक्टर दोनमधल्या क्वार्टरला दोन खोल्या होत्या, सिमेंटचा ओटा होता आणि घरात नळ होता. नळ! शेडीतल्या बायका अर्धा दिवस टँकरच्या मागं धावत. क्वार्टर कोणाला द्यायचं ते एक कमिटी ठरवायची आणि त्या कमिटीवर ट्रान्सपोर्टचे साहेब होते. देवराव त्यांच्याच खात्यात टाइमकीपर होता. कुठला ट्रक किती वाजता गेला आणि किती वाजता आला, हे तो दोन वर्षं सुरेख अक्षरात लिहीत होता. पण साहेब त्याला अजून 'अरे, तू रे' म्हणूनच हाक मारत. यादीत नाव लागायचं तर साहेबांना आधी नाव माहीत व्हायला हवं होतं.

ती संधी परकी चलनानं आणून दिली. वरून परिपत्रक आलं होतं की देशाचं परकी चलन संपत आलंय, पेट्रोल वाचवा. साहेब नागपूरच्या धंतोलीतले. परिपत्रक वाचून ते मनापासून हळहळले आणि बाईसाहेबांना रायपूरला शिंप्याकडे घेऊन गेलेली जीप परत यायची वाट पाहत बसले. देवराव वही घेऊन दारात उभा होता. त्याच्या तोंडून निघून गेलं, "साहेब, पेट्रोलची झाडं तर आपल्या आजूबाजूलाच आहेत."

साहेबांनी वर पाहिलं.

"मोह, साहेब. फुलं सडवून त्याचा अर्क काढला तर तो निळ्या ज्योतीनं जळतो. इंजिनाला आणखी काय पाहिजे?"

"तुला कसं ठाऊक?"

"वाचनात आलं, साहेब."

वाचनात कसलं येतंय! तुमसरच्या पलीकडच्या त्यांच्या गावात ठकूबाईनं तीस वर्षं मोहाची दारू काढली होती. नवरा लवकर गेला. त्या मडक्यांच्या जोरावर तिनं पोराला मॅट्रिकपर्यंत शिकवलं. पोरगा शिकला आणि त्याला मडक्यांची लाज वाटायला लागली. भिलाईला आणताना त्यानं आईला आपल्या डोक्यावर हात ठेवून शपथ घ्यायला लावली की पुन्हा मोहाला हात लावणार नाही, आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांना सांगितलं की आमची माय भजनात रमलेली असते. ठकूबाईला आयुष्यात एक भजन धड येत नव्हतं.

पंधरा दिवसांत योजनेची फाइल उशीएवढी झाली. पहिल्या टप्प्यात मोहाच्या स्पिरिटवर जीप. दुसऱ्यात धानाच्या पैऱ्यापासून, म्हणजे पेंढ्यापासून, स्पिरिट काढून सगळे ट्रक. तिसऱ्यात करंजीच्या तेलावर डिझेलची इंजिनं. चौथा टप्पा साहेबांनी स्वतःच्या हातानं लिहिला होता: 'अरबस्तानला निर्यात'. आबकारी परवान्याच्या रकान्यात 'अर्ज करण्यात येईल' असं लिहून फाइल पुढं सरकली. प्रयोगप्रमुख म्हणून नाव पडलं देवरावाचं. साहेब म्हणाले, "जीप चुनखडीच्या खाणींकडच्या अहिवाऱ्याला जाऊन परत आली की सेक्टर दोनचा कागद मी स्वतः सही करून तुझ्या हातात देईन." नावानं हाक मारली, पाठीवर थाप मारली. देवराव त्या दिवशी घरी चालत गेला की उडत, त्याचं त्यालाच कळलं नाही.

प्रयोग वैज्ञानिक पद्धतीनं करायचं त्यानं ठरवलं. म्हणजे आई जे जे करायची ते ते करायचं नाही. मातीच्या मडक्याऐवजी त्यानं वर्कशॉपमधून पितळी पिंप आणि तांब्याची वेटोळी नळी करून घेतली. मोहाची फुलं स्वच्छ असावीत म्हणून तीन पाण्यांनी खळखळून धुतली. त्यातली गोडी गटारात गेली आणि गटारावरच्या माश्यांची चंगळ झाली. फुलं सडायला आठवडा लागतो, पण वास सुटला तर माळकरी माणसाला तोंड दाखवायला जागा राहणार नाही, म्हणून दुसऱ्याच दिवशी त्यानं पिंप चुलीवर चढवलं. नळीतून स्वच्छ, पाण्यासारखा थेंब पडायला लागला. पाण्यासारखा दिसत होता, कारण ते पाणीच होतं.

चाखून बघायची सोय नव्हती. गळ्यात माळ. म्हणून देवरावानं बॅटरीरूममधून माप घ्यायची काचेची नळी मागून आणली. त्यात एक काडी तरंगते. त्याच्या ऐकिवात होतं की दारू जेवढी कडक तेवढी काडी खाली जाते. त्यानं अर्क भरला. काडी थेट बुडाला जाऊन बसली. देवरावाचा ऊर भरून आला. त्यानं अहवालात लिहिलं, 'तीव्रता मापाच्या पलीकडची.' ती नळी बॅटरीतल्या आम्लासाठी होती, साध्या पाण्यातसुद्धा तिची काडी बुडूनच बसते. हे बॅटरीरूममधल्या झाडूवाल्यानंही सांगितलं असतं, पण प्रयोगप्रमुखानं झाडूवाल्याला विचारायचं कसं?

जीपचा ड्रायव्हर हिरालाल छत्तीसगढी होता, दुर्गच्या बाजूचा. त्यानं डबा उघडून नुसता नाकाशी नेला आणि म्हणाला, "बाबू, गाडी ला पानी झन पियाव." गाडीला पाणी पाजू नका, हे इतक्या सरळ शब्दांत सांगूनही देवरावानं त्याला अडाणी ठरवलं. जीप टाकीतल्या जुन्या पेट्रोलवर मेन गेटपर्यंत गेली, तिथं दोन उचक्या दिल्या आणि शिफ्ट सुटलेल्या दोन हजार माणसांच्या मधोमध बसकण मारली. लोकांनी ढकलत ढकलत ती परत आणली. ढकलताना ते 'पेट्रोल बाबू की जय' म्हणत होते.

साहेबांनी आवाज चढवला नाही. ते फक्त म्हणाले, "पंधरवड्यानं वरून दोन पाहुणे येणार आहेत. तोवर जीप चालली नाही, तर यादीतलं तुझं नाव मीच खोडीन." आणि पुन्हा 'अरे, तू रे' वर आले.

देवराव उरलेला डबा घेऊन घरी आला आणि दारात डोकं धरून बसला. ठकूबाई चुलीपासून उठली. तिनं डबा उचलला, वाटीभर अर्क ओतून घेतला आणि पेटत्या चुलीत फेकला. फस्स झालं आणि चूल विझली.

"रमे," ती म्हणाली, "चूल पेटव आता. तुया नवऱ्यानं विजवली."

रमानं पदरात तोंड लपवलं.

"कावून हसून राहिली वं? कारखान्यात आग लागली तं हेच पेट्रोल कामात येईन ना!" मग ती देवरावाकडे वळली. "देवा, फुलं धुतली तू? धुतली ना? अरे, पुजेची फुलं होती का ते?"

देवराव रडकुंडीला आला. "माय, माहं नाव खोडून राहिले साहेब. रमा चालली. मी काय करू सांग."

ठकूबाईनं पोराकडे पाहिलं. तिला त्याची कीव आली आणि रागही आला. या माणसानं आपल्याकडून शपथ घेतली होती, आणि आता तोच हात जोडून बसला होता.

"मी काढून देते," ती म्हणाली. "तीन डाव उतरवून देते, म्हणजे पाण्याचा थेंब नाही राहत. पन एक गोष्ट. तुया साहेबासमोर, चार लोकायत, मोठ्यानं म्हणजो का हे माह्या मायनं काढली. तीस वर्सं मी लपूनछपून केलं. शिपाई दिसला का मडकं विहिरीत. पिणारे पिऊन गेले आन् जाताना थुंकून गेले. एक डाव दिवसाउजेडी कोणी म्हनाले पायजे का ठकूबाईच्या हाताले तोड नाही. तू म्हन. मले दुसरं काही नाही पायजे."

"म्हणतो माय," देवराव घाईघाईनं म्हणाला. "माळेची शपथ."

"मी आइकलं बरं का," रमा चुलीत फुंकर घालता घालता म्हणाली.

दोन मण मोह आला, न धुतलेला. शेडीच्या मागं तट्ट्यांच्या आडोशाला माठ गाडले गेले. सातव्या दिवशी ठकूबाईनं माठाला कान लावला, आतली खदखद थांबलेली ऐकली आणि म्हणाली, "झालं." मग चुलीवर माठ, माठावर पालथं मडकं, सांध्यांना माती, एक पोकळ बांबू आणि बांबूच्या दुसऱ्या टोकाला थंड पाण्यात बुडवलेली घागर. रमा पाणी बदलायची, म्हातारी जाळ सांभाळायची. जाळ एक बोट जास्त झाला की ती लाकूड ओढून घ्यायची, कमी झाला की पैऱ्याची एक पेंढी सारायची. साठीच्या बाईच्या अंगात एकाएकी इतकी चपळाई कुठून आली, हे रमाला कळेना. पहिल्यांदा उतरलेलं पुन्हा माठात, दुसऱ्यांदा उतरलेलं पुन्हा माठात.

वास मात्र लपेना. चार शेडींपर्यंत गेला. देवरावानं आधी उदबत्त्या लावल्या, मग धूप जाळला आणि शेवटी भर दुपारी शेडीच्या दारात बसून मोठमोठ्यानं भजन म्हणायला सुरुवात केली. रात्रपाळीचे शेजारी आधी चिडून उठले. नंतर त्यांच्या नाकाला वास लागला आणि ते टाळ घेऊन आले. बघता बघता तीस माणसं जमली. इतकी भक्ती त्या कॅम्पात कधी कोणी पाहिली नव्हती. माणसं डोळे मिटून, खोल श्वास घेत भजन म्हणत होती, आणि आरती झाल्यावर कोणी उठायलाच तयार नव्हतं. एकानं तर हात पुढं करून विचारलं, "महाराज, तीर्थ नाही का?"

संध्याकाळी ठकूबाईनं शेवटच्या घागरीतलं वाटीभर चुलीत टाकलं. भप्प करून निळा जाळ कमरेएवढा उठला. ती मागं सरकली नाही. हसली फक्त.

पाहुणे आले त्या दिवशी देवरावानं पांढरा शर्ट इस्त्री केला. पितळी पिंप आणि तांब्याची नळी घासूनपुसून टेबलावर मांडली होती, मागं तक्ता होता, तक्त्यावर बाण होते. हिरालालनं कार्बुरेटरचं भोक सुईनं मोठं करून घेतलं होतं. आधी चमचाभर पेट्रोलवर इंजिन तापवायचं, मग हे पाजायचं, हे त्यानंच शोधून काढलं. डबा उघडून त्यानं वास घेतला आणि काही न बोलता डब्याला नमस्कार केला.

ठकूबाई धुतलेलं लुगडं नेसून आली होती, रमा तिच्या शेजारी उभी होती. पाहुण्यांपैकी एकानं विचारलं, "अर्कात पाणी राहू नये म्हणून आपण नेमकं काय करता?"

देवरावानं तक्त्यावरचा दुसऱ्या क्रमांकाचा बाण दाखवला. "तिहेरी ऊर्ध्वपातन. मी स्वतः ही पद्धत विकसित केली."

"एकट्यानं?"

"एकट्यानं." त्याच्या आवाजात जराही कंप नव्हता.

पाहुण्यांची नजर मागं गेली. "आणि या आजी?"

देवरावानं मागं पाहिलं नाही. "पाणी भरायला असते, साहेब. भांडी घासते."

रमाचा हात ठकूबाईच्या दंडावर घट्ट झाला. म्हातारीनं मनात पोराला सूट दिली असावी की आत्ता नाही तर जीप परत आल्यावर म्हणेल. आईचं मन असंच, दिलेली मुदत वाढवत जाणारं.

जीप सुरू झाली. फुरफुर नाही, उचकी नाही. साहेब पुढं, पाहुणे मागं, देवराव पाहुण्यांच्या मधे. अहिवाऱ्यापर्यंत जीप धावली, तिथं चुनखडीच्या ढिगांना वळसा घालून उलटी फिरली. रस्ताभर वास दरवळत होता. शेतातली माणसं काम टाकून बांधावर येऊन उभी राहत आणि जीप गेल्यावरही तिथंच उभी राहत. अहिवाऱ्याला त्या दिवशी बाजार होता. बाजारात आबकारीचा दरोगा वांगी घेत होता. त्यानं नाक वर केलं, वांगी तिथंच टाकली आणि जीपच्या मागं धावत सुटला. जीप काही सापडली नाही, म्हणून तो चुनखडीच्या ट्रकावर चढला.

इकडे भिलाईत देवरावाच्या गळ्यात माळेवर हार पडला. साहेबांनी सर्वांसमोर सेक्टर दोनचा कागद त्याच्या हातात दिला आणि भाषणाला सुरुवात केली. अरबस्तानपर्यंत ते पोचतात न पोचतात तोच धुळीनं नखशिखान्त पांढराफटक झालेला दरोगा ट्रकातून खाली उतरला. त्यानं कोणाला विचारलं नाही. टाकीचं झाकण उघडलं, काडीला चिंधी गुंडाळून आत बुडवली, दहा पावलं लांब जाऊन पेटवली. निळी ज्योत.

"परमिट?" त्यानं विचारलं.

साहेबांनी फाइल उघडली, मिटली, पुन्हा उघडली. पाहुण्यांना एकाएकी रायपूरची गाडी आठवली. मग साहेब स्पष्ट आवाजात म्हणाले, "खात्याचा यात काही संबंध नाही. प्रयोग यांचा खाजगी आहे. आत्ताच सगळ्यांसमोर ते म्हणाले, एकट्यानं केला."

सगळ्यांनी देवरावाकडे पाहिलं. हातात सेक्टर दोनचा कागद होता, समोर दरोगा होता. नोकरी जाणार, कागद जाणार, बेड्या पडणार. मग देवरावाला आईला दिलेलं वचन आठवलं. ऐन वेळी आठवलं. तो वळला, बोट केलं आणि चार लोकांत, मोठ्यानं म्हणाला, "साहेब, हे माह्या मायनं काढली! एकटीनं काढली! मले यातलं काहीच येत नाही!"

त्या दिवसभरात तो जे बोलला त्यातलं एवढंच खरं होतं.

ठकूबाई पुढं आली. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता, राग असता तर देवरावाला बरं वाटलं असतं.

"हाव," ती दरोग्याला म्हणाली. "मीच काढली. हा खरं बोलून राहिला. याले तं पानी बी उकळता नाही येत."

दरोग्यानं टेबलावरचं पितळी पिंप बाजूला सारलं आणि त्याच टेबलावर पंचनामा लिहिला. अंगठा घेताना ठकूबाई म्हणाली, "वाचून दाखव. मोठ्यानं." दरोगा वाचू लागला, "ठकूबाई ने अपने हाथों से, बिना किसी की मदद के, महुए की तीन बार उतारी हुई, अत्यंत तेज, नीली लौ से जलने वाली..." ती कान देऊन ऐकत होती. त्या सगळ्या वर्षांत तिच्याबद्दल कोणी इतकं चांगलं लिहिलं नव्हतं.

"अजून एक डाव," ती म्हणाली.

दरोग्यानं कपाळाला आठ्या घातल्या, पण वाचलं. मग तिनं अंगठा उठवला.

दुर्गच्या ठाण्याला न्यायला दरोग्याकडे गाडी नव्हती. सुटका झाल्याच्या आनंदात साहेबांनी जीप देऊ केली. टाकीत अजून अर्धा डबा होता. हिरालालनं म्हाताऱ्या बाईला हात धरून पुढच्या सीटवर, साहेबांच्या जागेवर बसवलं. तिच्या मागं रमाही चढली.

"तू कावून जाऊन राहिली?" देवराव धावत आला. "अव, क्वार्टर भेटलं ना! नळ हाये घरात!"

"ठाण्यातून मायले तुमसरलेच घेऊन जाईन," रमा म्हणाली. "तुमी राहा नळापाशी."

जीप एका झटक्यात सुरू झाली आणि कुठंही न अडखळता दुर्गच्या रस्त्याला लागली.

साहेबांनी जाताना देवरावाच्या खांद्यावर हात ठेवला. "शहाणा आहेस, देवराव. वेळेवर बोललास." नाव त्यांना आता पाठ झालं होतं.

देवराव हार घातलेल्या गळ्यानंच क्वार्टरच्या ऑफिसात गेला. खिडकीतल्या क्लार्कनं कागद पाहिला, सही ओळखली आणि रजिस्टर पुढं ओढलं.

"फॅमिलीत माणसं किती?"

"तीन," देवराव म्हणाला. "मी, बायको आन् माय."

"उभे करा." क्लार्कनं वर न बघताच सांगितलं. लोक कागदावर वाटेल तेवढे नातेवाईक दाखवायला लागल्यापासून माणसं समोर मोजूनच चावी द्यायचा हुकूम होता.

"आता... दोघी बाहेर गेल्या हायेत."

"मंग आल्यावर घेऊन या. एकट्या माणसाले क्वार्टर नाही देत आमी. एकट्यासाठी शेडच हाये." क्लार्कनं कागद परत सरकवला आणि मागच्या माणसाला म्हणाला, "चला, तुमच्या घरी कोण कोण हाये?"